जांघेतला हर्निया: वारंवार विचारले जाणारे प्रश्न

माझं किराणा मालाचं दुकान आहे, सातारा जिल्ह्यातल्या एका तालुक्याच्या गावी. साखरेचं पोतं ५० किलोचं, तेलाचा डबा १५ किलोचा आणि हमाल वेळेवर येईलच याची खात्री नाही. उजव्या जांघेत पहिल्यांदा फुगवटा दिसला तेव्हा मी ५१ वर्षांचा होतो. चार वर्षं तो सांभाळला, पाचव्या वर्षी ऑपरेशन करून घेतलं. बातमी गावात कशी पसरली देव जाणे, पण तेव्हापासून दुकानातली गर्दी ओसरली की कुणीतरी काउंटरवर कोपर टेकवतं आणि हळूच म्हणतं, "शेठ, जरा खासगी विचारायचं होतं." खाली तेच प्रश्न आहेत. मी डॉक्टर नाही. सगळं लिहून झाल्यावर माझ्या सर्जनना वाचून दाखवलं. दोन वाक्यांवर त्यांनी काट मारली. ती कुठली, ते पुढे येईलच.

हर्निया म्हणजे नेमकं काय? आंतरगळ म्हणतात तो हाच का?

हाच. जुनी माणसं आंतरगळ म्हणतात, कुणी "आतडं उतरलं" म्हणतं. दोन्ही शब्द बरोबरच आहेत. पोटाची भिंत स्नायूंची असते. ती एखाद्या जागी कमकुवत झाली की आतली चरबी किंवा आतड्याचं वेटोळं त्या जागेतून बाहेर डोकावतं आणि कातडीखाली फुगवटा दिसतो. सायकलच्या टायरला चीर पडली की आतली ट्यूब फुग्यासारखी बाहेर येते, तसंच.

जांघेत हे जास्त का होतं, त्याला कारण आहे. मुलगा आईच्या पोटात असतो तेव्हा त्याचे वृषण पोटातच असतात. जन्माच्या आधी ते जांघेतल्या एका वाटेने खाली अंडकोषात उतरतात. मोठ्या माणसात ही वाट साधारण ४ सेंटीमीटर लांबीची असते. वृषणांबरोबर पोटाच्या अस्तराची एक पिशवीही खाली येते. ती पुढे बंद व्हायला हवी. काहींची बंद होत नाही आणि पुढे कधीतरी तिच्यातून आतडं उतरतं. दुसरा प्रकार उतारवयातला. पिशवी बंद झालेली असते, पण त्या वाटेची मागची भिंतच झिजून पातळ होते. उजव्या बाजूला हर्निया जास्त आढळतो. माझाही उजवाच.

माझ्या जांघेत गाठ आहे. ती हर्नियाचीच कशावरून?

उभं राहिल्यावर किंवा खोकल्यावर दिसते आणि आडवं झाल्यावर विरघळल्यासारखी नाहीशी होते, असं असेल तर बहुधा हर्नियाच. माझ्या बाबतीत सकाळी उठलो की जांघ सपाट असायची आणि दुकान बंद करेपर्यंत लिंबाएवढा फुगवटा यायचा. बोटाने हलकेच दाबलं की गुरगुर असा आवाज करत आत जायचा. त्या आवाजाचीच पहिल्यांदा जास्त भीती वाटली होती.

जांघेतली प्रत्येक गाठ मात्र हर्निया नसते. पायाला जखम झाली, काटा मोडून पिकला की जांघेत दुखरी गाठ येते. तिला आपल्याकडे अवधाण म्हणतात. जखम बरी झाली की ती उतरते. अंडकोषात पाणी भरतं तो हायड्रोसील. त्यात सूज अंडकोषातच असते, आडवं झाल्यावर सहसा जात नाही आणि सुजेच्या वरच्या टोकापर्यंत बोटं पोचतात. हर्नियात पोचत नाहीत, कारण तो वरून, पोटातूनच आलेला असतो. आठवड्यांमागून आठवडे न जाणारी, न दुखणारी, टणक गाठ असेल तर ती लवकरात लवकर दाखवा.

सोनोग्राफी करावीच लागते का?

बहुतेकदा नाही. सर्जन उभं करून खोकायला लावतात, हात लावून बघतात, संपलं. दुखतंय पण फुगवटा सापडत नाही, किंवा शंका आहे, तेव्हा सोनोग्राफीचा उपयोग होतो. मला आधी दोन ठिकाणी सोनोग्राफी करायला लावली होती. दोन्हीकडे पैसे घेऊन तेच सांगितलं, जे मला आरशात दिसत होतं.

वजन उचलल्यामुळेच होतो ना?

हमालांना, ऊसतोड कामगारांना होतो आणि आयुष्यभर खुर्चीत बसलेल्या कारकुनालाही होतो. घरात वडिलांना, भावाला झाला असेल तर शक्यता वाढते. माझ्या वडिलांना होता. ते लंगोट कसून बांधायचे आणि त्याबद्दल एक अक्षर बोलायचे नाहीत. वजन, जुना खोकला, संडासला कुंथणं, लघवीला जोर लावणं यांनी पोटातला दाब वाढतो आणि मुळात कच्ची असलेली जागा उघडी पडते. "परवा पोतं उचललं आणि हर्निया झाला" असं आपण म्हणतो खरं, पण पोतं बहुधा निमित्त असतं.

पुरुषांमध्ये हे इतकं सर्रास आहे की आयुष्यात कधी ना कधी साधारण चारातल्या एकाला होतो. तरी प्रत्येकाला वाटतं, गावात आपल्या एकट्यालाच झालाय.

बायकांना होतो का?

होतो, प्रमाण बरंच कमी. मात्र बाईच्या जांघेतला फुगवटा "बघू पुढे" म्हणून सोडायचा नाही. जांघेच्या जरा खाली, मांडीच्या मुळाशी होणारा दुसरा एक हर्निया बायकांमध्ये पुरुषांपेक्षा जास्त आढळतो. तो वरून साध्या हर्नियासारखाच दिसतो, पण त्याचं तोंड अरुंद असतं आणि आतडं अडकण्याचा धोका पुष्कळ जास्त असतो. म्हणून बायकांना सर्जन सहसा थांबायला सांगत नाहीत, आणि ऑपरेशन दुर्बिणीतून करणं पसंत करतात, कारण आतून दोन्ही जागा दिसतात.

नातवाला जांघेत फुगवटा येतो, रडला की दिसतो. मोठा झाल्यावर जाईल का?

नाही जाणार. बेंबीचा फुगवटा बहुतेक बाळांमध्ये आपोआप भरून येतो (त्यावर नाणं बांधायची गरज नाही, उलट कातडी चिघळते), पण जांघेतला भरून येत नाही. तान्ह्या बाळात, विशेषतः दिवस भरायच्या आधी जन्मलेल्या बाळात, तो अडकण्याची भीती मोठ्या माणसापेक्षा जास्त असते. मुलींमध्ये त्यात बीजांडकोशही उतरू शकतो. लहान मुलांच्या सर्जनना दाखवा. ऑपरेशन छोटं असतं. फक्त ती उघडी राहिलेली पिशवी बांधतात, मोठ्या माणसांसारखी भिंतीच्या आधाराला जाळी लावत नाहीत.

औषधाने, काढ्याने, चोळून बरा होतो का?

नाही. भिंतीला पडलेलं भोक गोळीने बुजत नाही. मीही सहा महिने एक चूर्ण घेतलं. त्याने पोट साफ व्हायला लागलं, कुंथणं थांबलं, त्यामुळे बरं वाटलं आणि मी लोकांना सांगत सुटलो की हर्निया कमी झाला. हर्निया जिथल्या तिथे होता. चोळून घेणं तर मुळीच नको. आत अडकलेल्या आतड्यावर कुणी अंगठा दाबला तर काय होईल, याचा विचार करा.

मग ऑपरेशन ताबडतोब करायलाच हवं का?

हा प्रश्न सगळ्यात जास्त येतो आणि त्याचं उत्तर सगळ्यांना एकच नाही.

त्रास नसलेला किंवा अगदी थोडा असलेला पुरुष थांबू शकतो. हे कुणी हवेत सांगितलेलं नाही. उत्तर अमेरिकेत अशा ७२० पुरुषांचे दोन गट केले. एका गटाचं ऑपरेशन केलं, दुसऱ्याला नुसतं नजरेखाली ठेवलं. २००६ साली निकाल छापून आला. थांबलेल्यांपैकी २ वर्षांत साधारण २३ टक्के लोकांनी त्रास वाढल्यामुळे आपणहून ऑपरेशन करून घेतलं. आतडं अचानक अडकण्याचं प्रमाण मात्र फारच कमी निघालं, १००० माणसांत वर्षाला दोनाहूनही कमी. पुढे त्याच लोकांचा पाठपुरावा केला, तेव्हा १० वर्षांत ६८ टक्के लोक ऑपरेशन करून मोकळे झाले होते. कारण बहुतेकांचं एकच, दुखणं.

मी यातून काय घेतलं ते सांगतो. थांबणं सुरक्षित आहे, पण थांबून तो जात नाही. म्हणजे प्रश्न "करायचं की नाही" हा फारसा नाहीच, "कधी" हा आहे. आणि ते "कधी" आपल्या हातात असताना ठरवलेलं बरं. मी दिवाळीचा हंगाम उरकला, मुलीची बारावी झाली, उन्हाळ्यात दुकानाला भाचा बसायला तयार झाला, तेव्हा तारीख घेतली. रात्री दोन वाजता उलट्या होत असताना जे सापडेल ते वाहन आणि जो सापडेल तो सर्जन, अशी वेळ आली नाही.

ज्यांचा फुगवटा आत जात नाही, ज्यांना काम करताना दुखतं, ज्यांचा भराभर वाढतोय, त्यांनी थांबू नये. बायका आणि मुलांचं वर सांगितलंच आहे.

थांबायचं ठरवलंय. रोजचं कसं सांभाळायचं?

चार वर्षांत जे उपयोगी पडलं ते सांगतो.

पहिलं पोट. संडासला कुंथायचं नाही, एवढी एक गोष्ट जरी पाळली तरी निम्मं काम होतं. मी सकाळी दोन तांब्या पाणी, जेवणात ज्वारीची भाकरी आणि पालेभाजी, आणि अडलंच तर रात्री इसबगोल घ्यायचो. इसबगोल घेतलं की वर भरपूर पाणी प्यायचं, नाहीतर उलटंच होतं.

दुसरा खोकला. जुना खोकला असेल तर त्याचा इलाज आधी. बिडी-सिगारेट सोडा. तंबाखूचा धूर खोकला तर वाढवतोच, पुढे ऑपरेशन झाल्यावर जखम भरायलाही वेळ लावतो. खोकला किंवा शिंक येतेय असं वाटलं की फुगवट्यावर तळहात ठेवून हलका आधार द्यायचा. ही सवय आठवड्यात लागते.

तिसरी लघवी. पन्नाशी-साठीच्या पुढे धार बारीक झाली असेल, जोर लावावा लागत असेल, तर प्रोस्टेट दाखवून घ्या. अनेकदा सर्जनच आधी त्याचा बंदोबस्त करायला सांगतात.

आणि उचलणं. मी पोती उचलणं पूर्ण बंद करू शकलो नाही, करता येतही नव्हतं. पण पद्धत बदलली. वजन छातीजवळ घ्यायचं, गुडघ्यातून वाकायचं आणि उचलताना श्वास रोखून न धरता सोडायचा. आपण जोर लावताना दम कोंडतो ना, तिथेच घात होतो. ५० किलोच्या पोत्यातली साखर खालीच टेम्पोत दोन पोत्यांत करून घ्यायला लागलो. हमाल हसले. हसू दिलं.

दुपारी तीन-चारच्या सुमाराला जांघेत ओढ लागायची, खिशात किल्ल्यांचा जड जुडगा असल्यासारखी. मग मी मागे गोदामात जाऊन तांदळाच्या पोत्यांवर दहा मिनिटं उताणा पडायचो, गुडघे दुमडून. अंग सैल सोडलं की फुगवटा आपोआप किंवा बोटाच्या हलक्या दाबाने आत जायचा. जोर लावून कोंबायचा नाही. हलक्या हाताने जात नसेल आणि दुखत असेल, तर खालचा धोक्याचा प्रश्न आधी वाचा.

हर्नियाचा पट्टा वापरावा का?

वापरता येतो, पण तो उपचार नाही. लग्नाकार्यात दिवसभर उभं राहायचंय, लांबचा प्रवास आहे, ऑपरेशनची तारीख महिन्याभराने आहे, अशा वेळी आधार म्हणून ठीक. नियम एकच आणि तोच लोक मोडतात. आडवं पडून फुगवटा आत घालवायचा आणि मगच पट्टा बांधायचा. बाहेर आलेल्या आतड्यावरच पट्टा आवळला तर आपणच ते चेमटतो. आत न जाणाऱ्या हर्नियावर पट्टा बांधायचाच नाही. रात्री काढून ठेवा. उन्हाळ्यात घामाने जांघ सोलवटते, त्याची तयारी ठेवा. वडिलांचा लंगोट हाही एक पट्टाच होता म्हणा.

वारीला पायी जाऊ का? दुचाकी चालवू का?

चालण्याने हर्निया वाढत नाही. माझे एक वारकरी गिऱ्हाईक हर्नियासकट आळंदीहून पंढरपूरला चालत गेले, दिंडीच्या ट्रकमध्ये सामान टाकून. डोक्यावर-पाठीवर ओझं नको, मुक्कामाला आडवं व्हायचं आणि वाटेत फुगवटा आत जाईनासा झाला तर पालखीबरोबरच्या वैद्यकीय पथकाला लगेच दाखवायचं. नुसतंच "माउली बघून घेईल" नको.

दुचाकी चालते. आमच्याकडच्या रस्त्यांवर खड्डा आला की जरा पायावर भार घेऊन उठायचं, इतकंच. किक मारायची जुनी गाडी असेल तर ती दुसऱ्याला मारायला सांगा.

योगासनं, जिम, जोर-बैठका?

चालणं, पोहणं, सायकल चालेल. जड वजनं आणि पोटाला हिसके देणारे प्रकार टाळा. त्यात कपालभातीही येते आणि पोटाच्या उठाबशाही. "व्यायामाने पोट घट्ट केलं की भोक बुजेल" असं तालमीतले सांगतात. तसं होत नाही.

धोक्याची लक्षणं कोणती? केव्हा पळायचं?

फुगवटा एकाएकी कडक झाला, हात लावू देत नाही इतका दुखतोय, आडवं पडूनही आत जात नाही. सोबत मळमळ-उलट्या, पोट फुगलंय, वारा सरत नाही, संडासला होत नाही. फुगवट्यावरची कातडी लाल किंवा काळपट झाली, ताप आला. यातलं काही दिसलं तर सकाळची वाट बघायची नाही. आतडं अडकलं की त्याचा रक्तपुरवठा तुटतो आणि काही तासांत ते सडायला लागतं. मग साधं हर्नियाचं ऑपरेशन राहत नाही, आतड्याचा तुकडा काढावा लागतो, जिवावर बेततं.

१०८ ला फोन करा किंवा मिळेल त्या वाहनाने जिथे सर्जन आहे अशाच दवाखान्यात जा. मधे तीन ठिकाणी इंजेक्शनं घेत फिरू नका. काही खाऊ-पिऊ नका, कारण भूल द्यावी लागेल. दाबून आत घालायचा प्रयत्न करू नका. मी इथे "गरम पाण्याच्या टबात बसून बघा" असं लिहिलं होतं. सर्जननी ज्या दोन वाक्यांवर काट मारली, त्यांतलं हे पहिलं. म्हणाले, "टबात बसण्यात जे दोन तास जातील, तेच तर हवे असतात."

कुठल्या डॉक्टरकडे जाऊ? सांगायची लाज वाटते.

जनरल सर्जनकडे. आधी घरच्या डॉक्टरना दाखवलंत तरी चालेल. लाजेबद्दल एवढंच सांगतो, मी बायकोला सांगायला आठ महिने लावले. तोवर ती समजत होती की मी तिच्यापासून काहीतरी वेगळंच लपवतोय. सांगितलं तेव्हा म्हणाली, "एवढंच? माझ्या काकांना दोन्हीकडे होता." सर्जन तर दिवसाला असे कितीतरी बघतात. सैल पायजमा घालून जा, तपासायला सोपं पडतं.

ऑपरेशनात करतात काय? जाळी चांगली की वाईट?

बाहेर आलेलं आतडं-चरबी आत सारतात, पिशवीचा बंदोबस्त करतात आणि कमकुवत भिंत मजबूत करतात. ती मजबूत कशी करायची, यावर सव्वाशे वर्षांहून जास्त काळ खल चालू आहे. इटलीतल्या एदुआर्दो बासिनी यांनी १८८० च्या दशकात भिंतीचे थर टाक्यांनी शिवायला सुरुवात केली. पण ताणून शिवलेलं कापड जसं टाक्यापाशी फाटतं, तसं इथेही व्हायचं. पुढे अमेरिकेत लिकटेन्स्टाइन यांनी ताण न देता वर जाळी लावायची पद्धत रूढ केली. आज जगभर मोठ्या माणसांत जास्त करून जाळीच लावतात, आणि २०१८ च्या आंतरराष्ट्रीय मार्गदर्शक सूचनांचाही कल तिकडेच आहे. जाळी पॉलिप्रॉपिलीनची असते. तिच्या छिद्रांतून आपलेच तंतू वाढतात आणि ती भिंतीचा भाग होऊन जाते. ती नंतर काढायची नसते.

यात महाराष्ट्राचं नाव दोन ठिकाणी येतं आणि ते लोकांना ठाऊक नसतं, म्हणून जरा थांबून सांगतो. धुळे जिल्ह्यातल्या दोंडाईचाचे सर्जन डॉ. रवींद्रनाथ टोणगावकर यांच्याकडे येणाऱ्या गरीब पेशंटना कंपनीची महागडी जाळी परवडायची नाही. त्यांनी मच्छरदाणीचं कापड तपासलं. तेही त्याच जातकुळीच्या प्लास्टिकचं निघालं. ते कापून, निर्जंतुक करून १९९० च्या दशकापासून ते जाळी म्हणून वापरायला लागले. खर्च काही रुपयांवर आला. २००३ साली इतर सर्जनांबरोबर त्यांनी त्याचा अनुभव इंडियन जर्नल ऑफ सर्जरीत मांडला. पुढे युगांडात अशाच स्वस्त जाळीची कंपनीच्या जाळीशी रीतसर तुलना झाली. २०१६ साली निकाल आला, की वर्षभरानंतर दोन्हींत म्हणण्यासारखा फरक नाही. (म्हणून घरची मच्छरदाणी घेऊन जाऊ नका. एकाने खरंच विचारलं होतं.)

दुसरे पुण्याचे डॉ. मोहन देसरडा. त्यांची पद्धत बिनजाळीची. पोटाच्या बाहेरच्या स्नायूच्या पडद्याचीच एक पट्टी मोकळी करून ती कमकुवत जागेवर शिवतात. म्हणजे ठिगळ आपल्याच कापडाचं. देसरडा पद्धत या नावाने ती परदेशातही केली जाते.

जाळी "वाईट" म्हणून घाबरायचं कारण नाही आणि बिनजाळीचं म्हणजे मागासलेलं असंही नाही. माझा निकष साधा होता: हे सर्जन जी पद्धत आठवड्यात अनेकदा करतात, तीच माझ्यावर करावी.

दुर्बिणीतून करावं की उघडं?

दोन्ही बाजूंना असेल, किंवा एकदा उघडं ऑपरेशन होऊन परत झाला असेल, तर दुर्बिणीचा फायदा जास्त. दुखणं कमी, कामावर लवकर. पण पूर्ण भूल लागते आणि खर्च बहुधा वाढतो. एका बाजूचा पहिल्यांदाच झालेला हर्निया असेल तर उघडंही उत्तम होतं. ते कमरेत इंजेक्शन देऊन, किंवा फक्त तेवढीच जागा बधिर करूनही करता येतं. हृदयाचा, फुप्फुसाचा त्रास असलेल्या म्हाताऱ्या माणसाला ही सोय मोठी आहे. माझं उघडं झालं, कमरेत इंजेक्शन देऊन. आत रेडिओ चालू होता.

नंतर किती दिवस घरी बसायचं?

बसायचंच नाही, चालायचं. मला संध्याकाळीच उठवून संडासपर्यंत चालवलं. दुसऱ्या दिवशी घरी सोडलं. काही लोक त्याच दिवशी घरी जातात. पहिले तीन दिवस पलंगावरून उठताना कुशीवर वळून, हाताचा रेटा देऊन उठायचं. सरळ उठायला गेलात की टाके आठवण करून देतात. दुखण्याच्या गोळ्या वेळेवर घ्या, मर्दानगी दाखवू नका, कारण दुखलं की माणूस चालत नाही.

गल्ल्यावर मी सहाव्या दिवशी बसलो. दुचाकी दहाव्या दिवशी, म्हणजे एकदम ब्रेक दाबताना जांघेत कळ येत नाही याची खात्री झाल्यावर. जड उचलणं ४ ते ६ आठवडे बंद. प्रत्येकाचं वेगळं असतं, तुमचे सर्जन सांगतील ते धरा. शरीरसंबंध दुखेनासं झालं की, साधारण एक-दोन आठवड्यांनी. हे विचारायला सगळे लाजतात म्हणून न विचारताच लिहिलं. मूल होण्याच्या क्षमतेवर सहसा परिणाम होत नाही.

ऑपरेशननंतर अंडकोष काळानिळा पडलाय, सुजलाय. काही बिघडलं का?

बहुधा नाही. वरचं रक्त खाली उतरतं. घट्ट चड्डी घालून आधार द्या, दोन-तीन आठवड्यांत रंग निवळतो. टाक्यांभोवती बधिर वाटणं हेही नेहमीचं. जखमेखाली पाणी साचून पुन्हा फुगवटा दिसतो, तेव्हा लोक घाबरतात की हर्निया परत आला. ते पाणी बहुतेकदा जिरतं. ताप, पू, वाढत जाणारी लाल सूज, वृषण प्रचंड दुखणं किंवा लघवी अडणं असेल तर मात्र लगेच फोन करायचा.

परत होतो का?

होऊ शकतो, पण चांगल्या हाती केलं असेल तर शेकडा थोड्यांनाच. "जाळी लावली की परत होत नाही" हे माझं काट मारलेलं दुसरं वाक्य.

याहून कमी बोलली जाणारी गोष्ट म्हणजे मागे राहणारं दुखणं. साधारण दहातल्या एकाला तीन महिन्यांनंतरही जाणवेल अशी कळ राहते. बहुतेकांची हळूहळू कमी होते, मोजक्यांची त्रासदायक ठरते. ऑपरेशनआधी सर्जननी हे आपणहून सांगायला हवं. सांगितलं नाही तर तुम्ही विचारा.

खर्च कसा भागवायचा?

उपजिल्हा आणि जिल्हा रुग्णालयात हे ऑपरेशन होतं, आमच्या हमालाचं तिथेच झालं आणि छान झालं. महात्मा फुले जन आरोग्य योजनेत तुमचं प्रकरण बसतं का, हे योजनेतल्या रुग्णालयात बसणाऱ्या आरोग्यमित्राला विचारा. शिधापत्रिका आणि आधार सोबत न्या. खासगी विमा असेल तर पॉलिसी उघडून बघा. हर्नियासाठी बहुतेक पॉलिसींत २ वर्षांचा प्रतीक्षा काळ असतो. फुगवटा दिसल्यावर विमा घेऊन तो लपवलात तर दावा फेटाळला जाईल. ते थांबण्याचं गणित करताना हाही आकडा धरा.

आता पोती उचलता का, शेठ?

उचलतो, ५० किलोचं मात्र दोघं मिळून. सहा आठवड्यांनी पहिल्यांदा तेलाचा डबा उचलला तेव्हा भाचा शेजारी असा उभा होता, जणू मीच पडणार आहे. काही झालं नाही. फक्त मिरचीचं पोतं फोडलं आणि शिंक आली, की माझा उजवा हात अजून आपोआप जांघेकडे जातो. समोर गिऱ्हाईक असलं तरी.